कार्डच्या स्टेटमेंटवर अनोळखी व्यवहार दिसला तर: तो ओळखायचा कसा, तक्रार नोंदवायची कशी

स्टेटमेंट उघडावं, नेहमीचे खर्च ओळीने दिसावेत आणि मध्येच एक असं नाव यावं की जे आपण कधी ऐकलेलंही नाही. रक्कम मात्र आपल्याच नावावर लागलेली. हात लगेच कस्टमर केअरच्या नंबरकडे जातो. त्याआधी बँकेच्या ॲपमधून कार्ड तात्पुरतं बंद करा. ही सोय बहुतेक ॲपमध्ये असते आणि नंतर कार्ड पुन्हा सुरूही करता येतं. मग दहा मिनिटं त्या एका ओळीला द्या. कारण बँक तुम्हाला जो पहिला प्रश्न विचारणार आहे, त्याच्या उत्तरावर सगळं प्रकरण उभं राहतं किंवा पडतं: हा व्यवहार तुम्ही केलाच नाही, की केला होता पण त्यात काही चुकलं?

आधी ती ओळ नीट वाचा

स्टेटमेंटवर अनेकदा दोन तारखा असतात. एक व्यवहाराची, दुसरी तो खात्यावर नोंदला गेल्याची. ऑनलाइन विक्रेते अनेकदा माल पाठवतानाच पैसे घेतात, म्हणून ऑर्डरचा दिवस आणि स्टेटमेंटवरचा दिवस जुळेलच असं नाही. तारखेच्या मागेपुढे चारपाच दिवस आठवून पाहा.

सगळ्यात जास्त फसवतं ते नाव. दुकानाच्या पाटीवर एक नाव असतं आणि कंपनीची नोंदणी दुसऱ्याच नावाने झालेली असते. स्टेटमेंटवर अनेकदा ते दुसरं येतं. त्यात या नावासाठी जागाही तुटपुंजी. व्हिसाच्या व्यवस्थेत ती २५ अक्षरांची आहे, त्यामुळे लांब नाव मध्येच तुटतं. नावात तारांकन दिसलं तर ते नाव दोन तुकड्यांत वाचा: डावीकडे पैसे गोळा करणारा मध्यस्थ, उजवीकडे खरा विक्रेता. ‘पेपाल’ आणि पुढे तारा असेल तर पेपाल तुमचा विक्रेता नाही, ताऱ्यानंतरचं नाव शोधायचं. शहराचंही तसंच. तिथे कंपनीच्या मुख्य कार्यालयाचं गाव असू शकतं आणि ऑनलाइन विक्रेत्यांच्या बाबतीत अनेकदा गावाऐवजी फोन नंबर किंवा वेबसाइटचा पत्ता असतो. तो नंबर म्हणजे फुकट मिळालेला धागा आहे.

रक्कम थोडी वेगळी वाटत असेल तर परकीय चलन तपासा. रूपांतर बहुधा व्यवहार नोंदला जाताना होतं आणि त्यावरचं शुल्क कधी वेगळ्या ओळीत येतं. हॉटेल, भाड्याची गाडी आणि इंधन पंप आधी अंदाजे रक्कम अडवून ठेवतात. ती ‘प्रलंबित’ म्हणून दिसते आणि खरी रक्कम लागल्यावर निघून जाते. व्यवहार प्रलंबित असेपर्यंत बँक त्यावर सहसा वाद नोंदवून घेत नाही, पण तो आपला नाही अशी खात्री असेल तर कळवायला थांबू नका.

एवढं करूनही उलगडा झाला नाही तर नेमकी रक्कम टाकून ईमेलमध्ये शोधा. पावतीचा मेल सापडण्याची ही सगळ्यात जवळची वाट आहे. फोनच्या ॲप स्टोअरमधली सबस्क्रिप्शनची यादी पाहा. घरात पुरवणी कार्ड कुणाकडे असेल किंवा मुलांच्या गेममध्ये कार्ड साठवलेलं असेल तर विचारा. मग बँकेला फोन करून तीन गोष्टी मागा: विक्रेत्याचं पूर्ण नाव, त्याच्या व्यवसायाचा चार अंकी वर्ग क्रमांक, आणि व्यवहार कार्ड मशीनला लावून झाला की ऑनलाइन, ऑनलाइन असेल तर ओटीपी वापरला गेला का. बँकेकडे ही माहिती असते, पण मागितल्याशिवाय क्वचितच कुणी सांगतं.

रक्कम किरकोळ आहे म्हणून सोडून देऊ नका. चोरलेलं कार्ड चालतं का हे पाहायला चोर आधी अगदी लहान रक्कमच कापतो.

दोन वाटा, आणि चुकीची वाट धरली तर

माझ्या स्वतःच्या कार्डवर एकदा असंच नाव आलं होतं. मी रागाच्या भरात फॉर्ममध्ये ‘मी हा व्यवहार केलेला नाही’ यावर खूण केली. कार्ड रद्द झालं, नवं आलं, रक्कम तात्पुरती परत जमाही झाली. काही आठवड्यांनी ती पुन्हा वजा झाली. विक्रेत्याने माझ्याच फोनवरून झालेली जुनी नोंदणी दाखवली होती. एक सेवा मी चाचणीपुरती घेतली होती आणि मुदत संपायच्या आत रद्द केली होती. रद्द केल्याचा मेल माझ्याकडे होता. म्हणजे बाजू माझीच खरी होती, पण मी मांडलेली तक्रार खोटी ठरली. ‘रद्द केलेल्या सबस्क्रिप्शनचे पैसे कापले’ असं लिहिलं असतं तर तो एक मेल पुरला असता.

हे नियमांतच आहे. व्हिसाने प्रत्येक कारणाला क्रमांक दिला आहे. ऑनलाइन फसवणुकीसाठी १०.४, माल किंवा सेवा मिळाली नाही तर १३.१, रद्द केलेल्या आवर्ती, म्हणजे ठरावीक काळाने आपोआप होणाऱ्या, वसुलीसाठी १३.२, एकच रक्कम दोनदा कापली किंवा आधीच दुसऱ्या मार्गाने भरली असेल तर १२.६. मास्टरकार्डमध्ये परवानगीशिवाय झालेल्या व्यवहाराला ४८३७ आणि ग्राहकाच्या इतर तक्रारींना ४८५३. प्रत्येक क्रमांकाला लागणारे पुरावे वेगळे आणि विक्रेत्याचा बचावही वेगळा. २०२३ च्या एप्रिलपासून व्हिसाच्या १०.४ खाली विक्रेत्याला एक मोठं हत्यार मिळालं आहे. त्याच कार्डवरचे, १२० ते ३६५ दिवसांपूर्वीचे, तुम्ही आक्षेप न घेतलेले दोन व्यवहार त्याने दाखवले आणि आयपी पत्ता किंवा डिव्हाइसची ओळख यांसारखे तपशील जुळले, तर फसवणुकीचा दावा तिथेच कोलमडतो.

म्हणून फॉर्म भरताना जे घडलं तेच कारण निवडा, जे जोरदार वाटतं ते नव्हे.

तक्रार कोण करू शकतं

ज्याच्या नावावर खातं आहे तो मुख्य कार्डधारक. व्यवहार पुरवणी कार्डवरचा असला तरी बिलाची जबाबदारी मुख्य कार्डधारकाची असल्यामुळे तक्रार बहुधा त्याच्याकडूनच घेतली जाते. घरातल्या माणसाने तुमच्या संमतीने साठवलेलं कार्ड वापरलं असेल तर त्याला बँक फसवणूक मानत नाही. पसंत पडली नाही म्हणून परत करायची वस्तूही इथे बसत नाही. ती विक्रेत्याच्या परतावा धोरणाची गोष्ट आहे. ओटीपी टाकून झालेला व्यवहार ‘मी केला नाही’ म्हणून टिकवणं अवघड असतं, कारण अशा पडताळणीनंतर नुकसानीची जबाबदारी सहसा विक्रेत्याकडून कार्ड देणाऱ्या बँकेकडे सरकते आणि बँक ओटीपीकडे बोट दाखवते. तुम्हाला फसवून ओटीपी काढून घेतला असेल तर ते लपवू नका. कधी, कोणत्या नंबरवरून, काय सांगून घेतला ते तसंच्या तसं लिहा.

कागदपत्रं

व्यवहार तुमचा नसेल तर फार काही लागत नाही: त्या ओळीवर खूण केलेलं स्टेटमेंट, बँकेचा वाद नोंदवण्याचा फॉर्म किंवा सहीचं निवेदन, व्यवहाराच्या वेळी कार्ड तुमच्याकडेच होतं की हरवलं होतं याचा खुलासा. काही बँका मोठ्या रकमेसाठी पोलीस तक्रारीची प्रत मागतात.

व्यवहार तुमचा असून बिघडलेला असेल तर कागद जास्त लागतात. ऑर्डरची पावती, माल पोचण्याची कबूल केलेली तारीख, रद्द केल्याचा मेल आणि रद्दीकरण क्रमांक, सदोष वस्तूचे फोटो, परत पाठवल्याची कुरियर पावती. आणि विक्रेत्याशी आधी बोलल्याचा पुरावा हवाच. या वाटेवर बँक पहिल्यांदा तेच विचारते, म्हणून विक्रेत्याला फोन केला असला तरी मागून एक मेल टाकून ठेवा. विक्रेता ‘परतावा दिला’ म्हणत असेल तर त्याच्याकडून एआरएन मागा. हा २३ अंकी क्रमांक असतो आणि त्यावरून पैसे कुठे अडकले ते बँक शोधू शकते. परतावा खरंच निघाला असेल तर क्रमांक असतोच.

निवेदन लांबलचक नको. एवढं पुरतं:

‘माझ्या कार्डवर (शेवटचे चार अंक) अमुक तारखेला अमुक नावाने अमुक रक्कम लागली आहे. ही सेवा मी अमुक तारखेला रद्द केली होती. रद्दीकरणाचा मेल सोबत जोडला आहे. विक्रेत्याला अमुक तारखेला लेखी कळवलं, त्याने परतावा दिलेला नाही. या रकमेवर मी वाद नोंदवत आहे. निकाल लागेपर्यंत तिच्यावर व्याज आणि विलंब शुल्क लावू नये ही विनंती.’

पूर्ण कार्ड नंबर, सीव्हीव्ही किंवा पिन यात कुठेही लिहायचा नाही. आणि बँकेचा नंबर कार्डच्या मागच्या बाजूचाच घ्या. इंटरनेटवर शोधून मिळालेल्या नंबरवर दुसराच चोर बसलेला असू शकतो.

मुदत

व्हिसा आणि मास्टरकार्डच्या बहुतेक कारणांसाठी बँकेला १२० दिवसांच्या आत चार्जबॅक, म्हणजे विक्रेत्याच्या बँकेकडून रक्कम परत मागण्याचा दावा, करावा लागतो. माल मिळालाच नसेल तर हे दिवस माल मिळणं अपेक्षित होतं त्या तारखेपासून मोजले जातात. व्हिसात त्यालाही मूळ व्यवहारापासून ५४० दिवसांची कमाल मर्यादा आहे. पण ही बँकेची मुदत झाली. तुमची त्याहून कमी असते आणि देशागणिक बदलते. भारतात रिझर्व्ह बँकेच्या ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकाने तीन कामकाजी दिवसांचं माप घालून दिलं: चूक ना तुमची ना बँकेची, आणि बँकेकडून व्यवहाराची सूचना मिळाल्यापासून तेवढ्यात कळवलं, तर तुमच्यावर शून्य जबाबदारी. बँकेने १० कामकाजी दिवसांत रक्कम तात्पुरती जमा करायची आणि ९० दिवसांत निकाल द्यायचा, असंही त्यात आहे. अमेरिकेच्या १९७४ च्या फेअर क्रेडिट बिलिंग कायद्यात पहिलं स्टेटमेंट पाठवल्यापासून ६० दिवसांत लेखी कळवायचं असतं. ब्रिटनच्या १९७४ च्याच ग्राहक पतकायद्यातलं कलम ७५ वेगळ्या वळणाचं आहे: वस्तूची किंमत १०० पौंडांहून जास्त आणि ३०,००० पौंडांपर्यंत असेल तर विक्रेत्याबरोबर कार्ड कंपनीही थेट जबाबदार धरली जाते.

देश कोणताही असो, फोनवर कळवल्यावर त्याच दिवशी ॲपमधून किंवा मेलने लेखी कळवा आणि तक्रार क्रमांक घ्या. पुढे काही वाद झाला तर तारीख त्या क्रमांकावरूनच ठरते.

नोंदवल्यानंतर काय होतं

तुमची बँक दावा कार्ड नेटवर्कमार्फत, म्हणजे व्हिसा किंवा मास्टरकार्डमार्फत, विक्रेत्याच्या बँकेकडे पाठवते, ती विक्रेत्याला विचारते. व्हिसात उत्तराला ३० दिवस, मास्टरकार्डमध्ये ४५. विक्रेता गप्प राहिला तर बहुधा रक्कम तुमची. त्याने पुरावे दिले तर ते तुमच्याकडे येतात, आणि इथे बरेच जण हरतात, कारण बँकेचा तो मेल उघडलाच जात नाही. त्याला मोजक्या दिवसांत मुद्द्याला मुद्दा असं उत्तर द्यावं लागतं. दोन्ही बँका अडून राहिल्या तर अंतिम निवाडा नेटवर्क करतं. मधल्या काळात खात्यावर दिसणारी जमा तात्पुरती असते, ती खर्चून टाकू नका.

बिलाचं काय करायचं? वादातली रक्कम सोडून बाकी सगळं देय तारखेच्या आत भरा. अमेरिकेत वादातली रक्कम चौकशी होईपर्यंत रोखून धरायचा हक्क कायद्यानेच दिला आहे. इतरत्र बँकेकडून तसं लेखी घ्या. ते हातात नसेल तर निदान किमान देय रक्कम चुकवू नका, नाहीतर तक्रार जिंकूनही पतनोंदीवर उशिराचा डाग राहतो.

दावा फेटाळला गेला तर कारण लेखी मागा, मग बँकेच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे जा. त्यावरची पायरी देशाची: भारतात रिझर्व्ह बँकेचा लोकपाल, ब्रिटनमध्ये फायनान्शियल ओम्बुड्समन सर्व्हिस, अमेरिकेत सीएफपीबी ही ग्राहकांच्या आर्थिक संरक्षणाची सरकारी संस्था.

एक राहिलं. फसवणुकीनंतर नवं कार्ड आलं की जुन्या सबस्क्रिप्शन आपोआप थांबतील असं समजू नका. व्हिसा आणि मास्टरकार्ड दोघांकडेही नवा कार्ड नंबर नोंदणीकृत विक्रेत्यांपर्यंत पोचवणारी सेवा आहे, आणि त्यामुळे नको असलेली वसुली नव्या कार्डवरही सुरू राहू शकते. ती विक्रेत्याकडे जाऊनच रद्द करावी लागते, आणि रद्द केल्याचा मेल जपून ठेवावा लागतो.