निनो रोटा, 1973 आणि ‘मूळ’ या शब्दाचा घोळ

इटालियन संगीतकार निनो रोटा यांच्या ‘द गॉडफादर’ (1972) या चित्रपटातल्या पार्श्वसंगीताला ‘मूळ’ संगीताच्या गटात ऑस्करचे नामांकन मिळाले आणि काढूनही घेतले गेले, एवढे बहुतेकांना माहीत असते. नेमके अडले कुठे, हे कळायला 1958 सालचा ‘फोर्तुनेल्ला’ हा इटालियन विनोदी चित्रपट ऐकावा लागतो.

‘द गॉडफादर’मधली प्रेमधून त्यात ब्रास वाद्यांच्या (पितळी फुंकवाद्यांच्या) ताफ्यावर येते. सूर तुटक, ठेका उड्या मारणारा, एकूण थाट गावजत्रेतल्या बँडचा. 14 वर्षांनी रोटा यांनी ती संथ केली, ठेक्यातले झटके काढले, सूर लांबवले आणि सिसिलीच्या प्रसंगांसाठी ती मँडोलिन व तंतुवाद्यांकडे सोपवली. स्वरांचा क्रम जवळपास तोच. तरी दोन्ही लागोपाठ ऐकल्याशिवाय नाते लक्षात येत नाही.

नाते उघड झाल्यावर ऑस्कर देणाऱ्या अकॅडमीच्या संगीत शाखेतल्या सभासदांचे पुन्हा मतदान घेण्यात आले. समोर सहा पर्याय होते: ‘द गॉडफादर’ आणि आधीच्या छाननीत उतरूनही नामांकन हुकलेले पाच चित्रपट. कौल ‘स्लूथ’च्या बाजूने गेला. त्या वर्षीचा पुरस्कार मात्र मिळाला ‘लाइमलाइट’ला, म्हणजे 1952 सालच्या चित्रपटाला! तो लॉस एंजेलिसच्या चित्रगृहांत रीतसर लागलाच 1972 मध्ये, म्हणून पात्र ठरला. वीस वर्षांपूर्वीचे अख्खे संगीत चालले आणि 14 वर्षांपूर्वीची एक धून चालली नाही. नियमाच्या अक्षराला धरून दोन्ही निर्णय बरोबरच होते. ‘मूळ’ म्हणजे त्या चित्रपटासाठी लिहिलेले, एवढाच त्याचा अर्थ. पण या अर्थाने ‘द गॉडफादर’चे माप घेणे अन्यायाचेच होते. एकट्या ट्रंपेटवर सुरू होणारा वॉल्ट्झ (तीन मात्रांची नृत्यधून) हा त्या संगीताचा कणा आहे, आणि आक्षेप त्याच्यावर नव्हताच. लग्नाच्या मांडवातले बरेचसे संगीत दुसऱ्या संगीतकाराचे आहे, बाप्तिस्म्याच्या प्रसंगातल्या ऑर्गनवर जुन्या जर्मन संगीतकार बाखच्या रचना आहेत. एका धुनेपायी सगळेच बाद करायचे, तर वजन नेमके कशाचे करायचे? गोल्डन ग्लोब, बाफ्टा आणि ग्रॅमी देणाऱ्यांना हेच संगीत गौरवायला अडचण वाटली नाही.

रोटा यांच्या कामाच्या रीतीत ही उचल नवी नव्हती. ‘द लेपर्ड’मध्ये (1963) त्यांनी 1940च्या दशकातल्या आपल्याच सिंफनीतल्या सुरावटी वापरल्या, आणि त्यातल्या नृत्याच्या प्रसंगासाठी इटालियन ऑपेराकार व्हेर्दीचा अप्रकाशित वॉल्ट्झ वाद्यवृंदावर बसवला. जुन्या नाट्यपदांच्या पुस्तकांत पदाच्या डोक्यावर ‘चाल’ कशाची ते छापलेले असे, म्हणून उसनवारी कुणाला खुपत नसे. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत तशी ओळ नसते.

मिलानमध्ये 1911 साली जन्मलेल्या रोटा यांचा ऑरेटोरिओ (गायक आणि वाद्यवृंदासाठीची धार्मिक रचना) ते अकरा-बारा वर्षांचे असतानाच सादर झाला होता. पुढे अमेरिकेत शिक्षण, 1950 ते 1977 बारीच्या संगीत विद्यालयाचे संचालकपद, ऑपेरा, बॅले आणि दीडशेहून अधिक चित्रपट. चित्रपटसंगीत हा त्यांच्या दिवसाचा एक भाग होता. एका कामातला विचार दुसऱ्यात जाणे त्यांना स्वाभाविक होते.

1975 मध्ये ‘द गॉडफादर’च्या दुसऱ्या भागाला त्याच गटातला ऑस्कर मिळाला, एका सहसंगीतकारासह. त्यात पहिल्या भागातल्या धुना होत्या. अकॅडमीने त्याला हरकत घेतली नाही. 1979 मध्ये रोटा गेले.

संगीताचा किती भाग मूळ हवा, या प्रश्नाला अकॅडमीच्या नियमांत आकडा मिळाला तो 2020 मध्ये: संगीताचा किमान 60 टक्के भाग मूळ हवा, आणि मालिकेतल्या पुढच्या चित्रपटांत 80 टक्के नवे हवे. वर्षभरातच 60 टक्क्यांची अट 35 टक्क्यांवर आणली गेली. ही 35 टक्क्यांची फूटपट्टी 1973 मध्ये असती, तर एका प्रेमधुनेने ‘द गॉडफादर’ बाहेर पडला नसता.