चित्रपट व मालिका संगीतकार (सांगली–मिरज परिसर)

चित्रपटातील वा दूरचित्रवाणी मालिकेतील गीतांना चाली लावणारा आणि प्रसंगांचे पार्श्वसंगीत रचणारा कलावंत म्हणजे संगीतकार. सांगली–मिरज परिसरात या व्यवसायाची मशागत बोलपटाच्या कितीतरी आधी रंगभूमीवर झाली. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगलीत ‘सीता स्वयंवर’ हे नाटक रंगवले. पुढे सांगलीलगतच्या हरिपूरचे गोविंद बल्लाळ देवल यांच्यासारख्या नाटककारांनी पदांतून प्रसंग पुढे नेण्याची रीत रुळवली. त्यामुळे १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’ या बोलपटाचे संगीत नाट्यपदांच्या चालींसाठी ख्यातनाम असलेल्या गोविंदराव टेंबे यांच्याकडे जावे, हे स्वाभाविकच होते. गायक अब्दुल करीम खाँ यांचे मिरजेतील वास्तव्य आणि सतार-तंबोरा घडवणाऱ्या कारागिरांची परंपरा यांमुळे येथील कान सुराला पक्का झाला. याच मिरजेच्या राम कदम यांनी ‘पिंजरा’ (१९७२) या चित्रपटातील लावण्यांना दिलेल्या चाली आजही मैफलींत गायल्या जातात.

या भागातील होतकरू संगीतकाराची उमेदवारी बहुधा हौशी नाटके व राज्य नाट्य स्पर्धा यांत होते. त्यानंतर पुणे किंवा मुंबई गाठून एखाद्या जाणत्या संगीतकाराकडे साहाय्यक म्हणून राहणे, वादक जमवणे, स्वरलेखन करणे आणि ध्वनिमुद्रणाची शिस्त अंगी बाणवणे, हा या वाटेवरचा सर्वांत मोलाचा काळ होय.

रसिकांच्या लक्षात गाणे राहते; संगीतकाराचा खरा कस मात्र पार्श्वसंगीतात लागतो. समजा, वीस सेकंदांच्या दृश्याला केहेरव्याचा, म्हणजे आठ मात्रांच्या तालाचा, ठेका द्यायचा आहे. मिनिटाला ९० मात्रांची लय ठेवली तर ३० मात्रा भरतात आणि चौथे आवर्तन (तालाचा पूर्ण फेरा) अर्धवट तुटते. लय ९६ केली की ३२ मात्रांत चार आवर्तने पुरी होऊन नेमकी दृश्य बदलताना सम, म्हणजे तालाची पहिली मात्रा, येते. संवाद चालू असताना सूर मागे ठेवणे आणि जिथे नट नुसत्या नजरेने बोलतो तिथे संपूर्ण थांबणे, ही जाण मात्र गणिताने येत नाही. दैनंदिन मालिकेत प्रत्येक भागासाठी नवे संगीत रचण्यास सवड नसते. म्हणून शीर्षकगीताबरोबरच पात्रांच्या धून आणि दुःख, संशय, आनंद अशा भावांचे तुकडे आधीच मुद्रित करून ठेवतात व संकलनाच्या वेळी ते प्रसंगानुसार जोडतात.

मानधन बहुतेकदा एकरकमी ठरते. त्यामुळे हक्कांचा प्रश्न चरितार्थाशी थेट निगडित आहे. कॉपीराइट कायद्यात २०१२ मध्ये झालेल्या दुरुस्तीनुसार, चित्रपटगृहातील प्रदर्शनाखेरीज होणाऱ्या वापराच्या स्वामित्वधनातील (रॉयल्टीतील) आपला समान वाटा संगीतकाराला निर्मात्याच्या नावे करून देता येत नाही. ही तरतूद फार उशिरा आली. संगीतरचनेवरील हक्क रचनाकाराच्या हयातीत व मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो आणि तो वारसांकडे जातो.