हळदीकुंकू रविवारी का आलं?

संक्रांत ते रथसप्तमी हा हळदीकुंकवाचा काळ. सोसायटीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर मात्र निमंत्रण येतं रविवारचं, 'सायं. ५ ते ८'. जिला जमत नाही, तिचं वाण शेजारीण घेऊन जाते. याला आपण 'परंपरा आणि आधुनिकतेचा मेळ' असं भारदस्त नाव देतो. तो घालायची अट बायकांवर फार पूर्वीपासून आहे.

१८४८ मध्ये फुले दांपत्याने पुण्यात भिडेवाड्यात मुलींची शाळा काढली, तेव्हा विरोध थेट शिकण्यालाच होता. पुढे सूर बदलला: शिका, पण घराचं वळण मोडू नका. १८८३ मध्ये अमेरिकेला निघताना आनंदीबाई जोशींनी बंगालमधल्या सेरामपूरच्या सभेत सांगितलं, हिंदू म्हणून जाईन आणि हिंदू म्हणूनच परतेन. परदेशात साडी आणि शाकाहार सांभाळून त्या १८८६ मध्ये डॉक्टर झाल्या. रमाबाई रानड्यांची अडचण घरातच होती. नवरा इंग्रजी शिकवायचा आणि त्यावरून घरातल्या बायका टोमणे मारायच्या.

अर्थात हे पांढरपेशांचं झालं. शेतात, गिरणीत राबणाऱ्या बाईला 'नोकरी करू का' हा प्रश्न पडायला सवडच कुठे होती? गिरणगावात खाणावळी चालवणाऱ्या बायका कामगारांना रोज जेवू घालायच्या, तरी ते 'घरकाम'च समजलं जाई आणि पैसे लागले की सावकाराचं दार धरावं लागे. प्रेमा पुरव यांनी १९७५ मध्ये त्यांना अन्नपूर्णा महिला मंडळात एकत्र आणलं.

कायदा पुढे सरकत राहिला. वडिलोपार्जित मिळकतीत मुलीला मुलाइतका हक्क महाराष्ट्राने १९९४ मध्ये दिला, केंद्राने २००५ मध्ये. पण गावाकडच्या जमिनीचा विषय निघाला की हक्कसोडपत्र तयार असतं. 'ताई, इथे फक्त सही कर.' स्वतः कमावणारी, गृहकर्जाचे हप्ते भरणारी बहीणही सही करते. माहेर तुटायला नको, दिवाळीत भाऊबीजेला जायचं असतं. परंपरेची किंमत रुपयांत मोजता येते ती अशी दुय्यम निबंधकांच्या कार्यालयात.

बायकांनी स्वतःच्या सोयीने परंपरा घडवलीही. ५ मे १९९२ रोजी चर्चगेट-बोरिवली मार्गावर महिला विशेष लोकल सुरू झाली. लोकलच्या महिला डब्यात संध्याकाळी भाजी निवडली जाते, दसऱ्याला डब्याची पूजा होते. नवरात्रातले साड्यांचे नऊ रंग कुठल्या पोथीतले नाहीत, ते रुजवले वर्तमानपत्रांनी आणि मिरवले नोकरदार बायकांनी.

घड्याळ मात्र फारसं हललेलं नाही. सरकारच्या २०२४ च्या वेळ-वापर सर्वेक्षणानुसार घरकाम करणाऱ्या बायकांचा दिवसाला सरासरी २८९ मिनिटं वेळ त्यात जातो, तर घरकाम करणाऱ्या पुरुषांचा ८८ मिनिटं.

आणि हळदीकुंकवात मुळात बसायचं कुणी? मे २०२२ मध्ये कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामसभेने कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र काढणं या प्रथा बंद करण्याचा ठराव केला. त्याच महिन्यात राज्य सरकारने इतर ग्रामपंचायतींनाही तसं परिपत्रक काढलं. तेव्हापासून निमंत्रणातला एक शब्द मी मुद्दाम बघते. 'सुवासिनींना' लिहिलंय, की 'सर्व मैत्रिणींना'?