तळं, तलाव आणि अनूप : एका हरवलेल्या शब्दाची पार्श्वभूमी

पावसाळा जोरात असला की बडोद्यातल्या मराठी घरांत सकाळच्या चहाबरोबर एक प्रश्न ठरलेला असतो, "आजवा किती झालं?" आजवा म्हणजे शहराला पाणी देणारा जलाशय, आणि उत्तर त्याच्या पातळीच्या फुटांत येतं. २११ म्हणजे ठीक, २१२ म्हणजे लक्ष ठेवा. त्यामागोमाग विश्वामित्री नदीचा काळा घोडा पुलापाशी मोजलेला आकडा येतो, आणि तो २५ च्या पुढे सरकला की दांडिया बाजार, रावपुऱ्यातली माणसं सयाजीगंज-फतेगंजकडच्या नातेवाइकांना फोन लावायला लागतात. पाण्याबद्दल आपण इतकं बोलतो, पण एकेका नावानं बोलतो. आजवा वेगळं, सुरसागर वेगळं, गोत्रीचा तलाव वेगळा. ही सगळी पाणी मिळून जो मुलूख बनतो त्याला आपल्या रोजच्या बोलण्यात नाव नाही.

तळ्यांविषयीच्या एका छोट्या पुस्तिकेचा मराठी मजकूर तपासायला माझ्याकडे आला, तेव्हा ही उणीव पहिल्यांदा टोचली. त्यात जागोजागी 'पॉन्डस्केप' होतं आणि अनुवादकानं सरळ 'तलावदृश्य' लिहिलं होतं. चूक त्याची एकट्याची म्हणता येत नाही. बडोद्यात १९५० पासून चित्रकलेचं नामवंत महाविद्यालय आहे, त्यामुळे 'लँडस्केप' म्हटलं की आमच्या डोळ्यांपुढे आधी कॅनव्हास येतो. इंग्रजीतही तो शब्द डच भाषेतून चित्रकारांबरोबरच आला. पण 'पॉन्डस्केप'चा चित्राशी संबंध नाही. लहान-मोठी तळी, त्यांच्यामधली शेतं, बांध, झाडोरा, ओहोळ, आणि या सगळ्यांतून फिरणारं पाणी व जीव, एवढा पसारा मिळून तो एक शब्द होतो.

शब्द तसा तरुण आहे. इंग्लंडच्या वायव्येला चेशायर परगण्यात शेतांमध्ये हजारो छोटी तळी आहेत. त्यांतली बरीचशी मुळात खड्डे होते. शेताला घालायला चुनखडीची माती खणून नेली आणि मागे राहिलेल्या खड्ड्यांत पाणी साठलं. या तळ्यांचा अभ्यास करणाऱ्या जिम बूथबी यांनी १९९७ मध्ये एका निबंधाच्या शीर्षकातच 'पॉन्डस्केप' वापरला. म्हणणं साधं होतं : एकटं तळं राखून भागत नाही. बेडूक एका तळ्यात अंडी घालतो आणि उरलेलं वर्ष भोवतालच्या गवतात काढतो. एक तळं आटलं तर शेजारच्या तळ्यातून चतुर आणि पाणकिडे परत येतात, पण शेजारचं तळं शिल्लक असलं तरच. पुढे २०२० मध्ये युरोपीय संघाच्या पैशातून 'पॉन्डरफुल' नावाचा मोठा प्रकल्प सुरू झाला आणि त्यानं हा शब्द सरकारी कागदांपर्यंत नेला. तिथून तो आपल्याकडे आला.

आता आपल्या शब्दांकडे. 'तलाव' संस्कृत 'तडाग'पासून, प्राकृतातल्या 'तलाय'वरून आला. गुजरातीत तो 'तळाव' आहे, आणि बडोद्याचा मराठी माणूस दोन्ही उच्चार एकाच वाक्यात करतो. 'तळं' घरगुती, गावाचं. 'तलाव' जरा मोठा, बहुधा बांधलेला. 'सरोवर' राजाचं किंवा देवाचं. सयाजीराव महाराजांनी शहराला नळाचं पाणी दिलं ते १८९२ मध्ये, आजव्याहून. त्या जलाशयाचं कागदोपत्री नाव सयाजी सरोवर, पण 'सयाजी सरोवर किती झालं?' असं विचारताना मी आजवर कुणाला ऐकलेलं नाही. विदर्भात छोट्या तळ्याला 'बोडी' आहे, मालगुजारीच्या काळातल्या तलावांना 'मामा तलाव', म्हणजे माजी मालगुजारी तलाव, आहे. देशावर पाझर तलाव, शेततळं, गावतळं. डबकं, डोह, कुंड, टाकं, पुष्करणी, बारव. शब्दांचं दारिद्र्य नक्कीच नाही. मात्र हे सगळे एकवचनी शब्द आहेत. अनेक तळ्यांचा मुलूख सांगायचा झाला की आपण विशेषण शोधतो : भंडारा 'तलावांचा जिल्हा', ठाणे 'तलावांचं शहर'. त्यातही मोजणीच आहे, जोडणी नाही.

'पाणथळ' आहे की, असं कुणी म्हणेल. सुंदर शब्द, आणि पाणथळ जागांबद्दलच्या १९७१ च्या आंतरराष्ट्रीय रामसर करारानंतर सरकारी मराठीत तो रुळलाही. पण त्याच्या वाटेत कायदा उभा आहे. आपल्या देशाच्या २०१७ च्या पाणथळ नियमांनी व्याख्येतून बरंच काही वगळलं. पिण्याच्या पाण्यासाठी खास बांधलेले तलाव वगळले, सिंचनासाठी बांधलेले वगळले, भातखाचरं वगळली. आमच्या जिल्ह्यात डभोईजवळ वढवाणा आहे. बडोदे संस्थानानं १९१० च्या सुमारास सिंचनासाठी केलेला तलाव, सुमारे ६३० हेक्टर. हिवाळ्यात मध्य आशियातून येणारी बदकं आणि राजहंस तिथे उतरतात. २०२१ मध्ये तो रामसर यादीत गेला म्हणून वाचला म्हणायचा. त्याच्या आसपासच्या गावतळ्यांना ते भाग्य नाही, आणि वढवाण्यावरचे पक्षी चरायला त्याच गावतळ्यांवर आणि शेतांत जातात. २०२३ मध्ये देशातल्या जलसाठ्यांची पहिली गणना प्रसिद्ध झाली. आकडा निघाला २४,२४,५४०, आणि त्यांत निम्म्याहून जास्त तळी. काम मोलाचं आहे. पण गणनेतही प्रत्येक तळं सुटं मोजलेलं आहे. कुठलं तळं कुठल्या तळ्याला पाणी देतं याचा रकाना मला त्यात हवा होता.

मग हा जोडणीचा शब्द आपल्याकडे कधीच नव्हता का? होता, आणि चांगला दोन हजार वर्षं जुना. शब्द आहे 'अनूप'.

अमरकोश या जुन्या संस्कृत कोशात पाण्याचे शब्द एका वर्गात येतात : 'पद्माकरस्तडागोऽस्त्री कासारः सरसी सरः', आणि लगेच पुढे छोट्या डबक्यासाठी 'पल्वल'. ती झाली सुटी तळी. 'अनूप' मात्र त्या वर्गात नाहीच. तो भूमिवर्गात, जमिनीच्या शब्दांत आहे : 'जलप्रायमनूपं स्यात्', जिथे पाणीच पाणी ती भूमी अनूप. आणि त्याच ओळीत पुढे त्याच अर्थाचा दुसरा शब्द दिला आहे, 'कच्छ'. गुजरातेत राहणाऱ्याला वेगळं सांगायला नको.

शब्दाची घडणही बघण्यासारखी आहे. 'अनु' म्हणजे मागोमाग, 'अप्' म्हणजे पाणी. पाण्याच्या कडेकडेनं जाणारा प्रदेश. याच 'अप्'पासून द्वीप, समीप, अंतरीप झाले, पण त्यांत 'ई' आली आणि इथे 'ऊ'. या एका 'ऊ'साठी पाणिनीनं स्वतंत्र सूत्र लिहिलं आहे, 'ऊदनोर्देशे'. 'अनु'च्या पुढे 'अप्'चा 'ऊ' होतो, पण देश म्हणजे प्रदेश सांगायचा असेल तरच. पाण्याच्या मुलखाला व्याकरणानं स्वतःचा स्वर दिला, हे वाचल्यावर मी पुस्तक मिटून थोडा वेळ नुसता बसलो होतो.

हा शब्द नकाशावरही होता. नाशिकच्या लेण्यातल्या सातवाहन राजमाता गौतमी बलश्रीच्या लेखात तिच्या मुलाच्या, गौतमीपुत्र सातकर्णीच्या, प्रदेशांची जंत्री आहे. तीत सुरठ, अपरांत, विदर्भ यांच्या बरोबर अनूप आहे. जुनागढच्या खडकावर क्षत्रप राजा रुद्रदामनाचा लेख आहे, इ. स. १५० च्या वेळचा. त्यातही आनर्त, सुराष्ट्र, कच्छ यांच्या रांगेत अनूप आहे. रघुवंशात इंदुमतीच्या स्वयंवराला आलेला अनूपराज रेवा म्हणजे नर्मदेच्या काठच्या माहिष्मतीचा. म्हणजे नाव म्हणून तो नर्मदेच्या खोऱ्याचा होता. मला जुनागढच्या लेखाचं विशेष वाटतं, कारण तो मुळात एका तलावाबद्दलच आहे. चंद्रगुप्त मौर्याच्या अधिकाऱ्यानं, पुष्यगुप्तानं, सुदर्शन तलाव बांधला, अशोकाच्या वेळी त्याला पाट काढले, वादळी पावसात तो फुटला आणि रुद्रदामनाच्या सुविशाख नावाच्या अमात्यानं तो पुन्हा बांधला. प्रजेवर जादा कर आणि वेठ न लादता हे काम केलं, हे लेखात मुद्दाम कोरलेलं आहे.

पण अर्थाच्या दृष्टीनं हा शब्द जितका वैद्यांनी जपला तितका कुणीच नाही. आयुर्वेदात देश तीन : जांगल, आनूप आणि साधारण. जांगल कोरडा आणि वाताचा, आनूप पाण्याचा आणि कफाचा, साधारण समतोल. बडोद्यातल्या जुन्या वैद्यांकडे गेलेल्यांनी हे ऐकलेलं असेल. सुश्रुतानं तर आनूप देशातल्या जीवांचे पाच गट पाडले. कूलचर, म्हणजे काठानं फिरणारे हत्ती-म्हशी. प्लव, म्हणजे पाण्यावर तरंगणारे हंस, सारस, बगळे. कोशस्थ, शंख-शिंपल्यातले. पादिन, म्हणजे पाय असलेले पाण्यातले जीव : कासव, खेकडा, मगर. आणि मत्स्य. यादी मांसाचे गुण सांगण्यासाठी आहे, तरी ती वाचताना मला समोर विश्वामित्रीच दिसते. भर शहरात, कमाटीबागेच्या पुलाखाली, उन्हाला पहुडलेली मगर म्हणजे सुश्रुताची पादिन. काठावर चिखलात बसलेल्या म्हशी कूलचर. बूथबींना तळ्याबरोबर भोवतालचे जीव आणि काठ धरायचे होते, ते सुश्रुताच्या एका शब्दात आधीच धरलेले होते.

या अर्थानं बडोद्याचा अनूप पावागढावर सुरू होतो. गडावरच्या तळ्यांची नावं दुधिया, तेलिया, छाशिया. दूध, तेल आणि ताक, किती घरातली नावं आहेत ही! पायथ्याला चांपानेरचा वडा तलाव. विश्वामित्री याच डोंगरात उगम पावते. प्रतापपुरा, आजवा ही संस्थानी काळातली सरोवरं तिच्या खोऱ्यात आहेत आणि आजव्याचं जादा पाणी तिच्यातच येतं. मग शहरात हरणी, समा, गोरवा, गोत्री, बापोद, तरसाली अशी एकेकाळची गावतळी, आणि मधोमध सुरसागर, ज्याला पूर्वी चंदन तलाव म्हणत. या तळ्यांना जोडणाऱ्या नैसर्गिक ओढ्यांना बडोद्यात 'कांस' म्हणतात : भुखी कांस, रूपारेल कांस, मसिया कांस. तळ्यात पाणी येण्याची वाट गुजरातीत 'आवरो', जादा पाणी जाण्याची वाट 'ओगन'. मराठीत आपण येवा आणि सांडवा म्हणतो.

वढवाण्याकडे जाताना एका गावतळ्याशी मी जानेवारीत थांबलो होतो. पाणी अर्ध्यावर आलेलं. शिंगाड्याच्या वेली पसरलेल्या, आणि एक माणूस फुगवलेल्या ट्यूबवर पोटावर आडवा होऊन हातानंच पाणी मागे सारत शिंगाडे तोडत होता. उघड्या पडलेल्या गाळात कुणी हरभरा पेरला होता. याला आपण गाळपेर म्हणतो. तळ्याच्या वरच्या अंगाला, बाभळींच्या रांगेत, हातभर रुंद कोरडी चारी दिसत होती. तोच आवरो. त्या चारीच्या बाजूनं चालत गेलो तर अर्ध्या-पाऊण किलोमीटरवर दुसरं तळं निघालं, आणि ही चारी म्हणजे त्याचा ओगन होता. इकडचा आवरो तो तिकडचा ओगन. तळं एक म्हणावं की दोन, हे मला त्या दिवशी ठरवता आलं नाही.

शहरात नेमकी हीच चारी आधी गेली. तलावाचं सुशोभीकरण होतं तेव्हा भोवती काँक्रीटची भिंत येते, फरसबंदी होते, दिवे लागतात. लोकांना बसायला जागा होते, तीही हवीच. पण भिंतीत आवऱ्याला तोंड ठेवलं नाही तर पाऊस पडूनही तळ्यात रस्त्यावरचं पाणी येत नाही, ते रस्त्यावरच राहतं. ३१ जुलै २०१९ ला बडोद्यात एका दिवसात सुमारे ५०० मिलिमीटर पाऊस झाला, २०२४ च्या ऑगस्टमध्ये विश्वामित्रीनं धोक्याची पातळी ओलांडून अर्धं शहर बुडवलं. त्या दिवसांत आमच्याकडे सगळी चर्चा आजव्याच्या दरवाजांची झाली. कांस कुठे बुजली, कुठल्या तळ्याचा ओगन कुणाच्या कंपाऊंडखाली गेला, हे बोलायला शब्द होते, पण ते एका दमात सांगणारा शब्द नव्हता. एकेक तळं सुधारण्याचे ठराव होतात. अनूप सुधारण्याचा ठराव कुणी मांडला तर त्याला आधी पाण्याच्या वाटांचा नकाशा काढावा लागेल.

शब्दाच्या अडचणीही आहेत, त्या लपवण्यात अर्थ नाही. हिंदीत 'अनूप' म्हणजे अनुपम, आणि आपल्याकडे तो मुलाचं नाव म्हणूनच ओळखीचा आहे. शिवाय वैद्यकाच्या काटेकोर हिशेबानं मध्य गुजरात आनूप ठरेलच असं नाही. पाऊस चार महिन्यांचा, उरलेलं वर्ष कोरडं. म्हणूनच इथे तळी खणावी लागली. माझ्या मते हवामानाचा अर्थ वैद्यांकडे राहू द्यावा आणि भूमिवर्गातला अर्थ आपण घ्यावा : पाण्याच्या कडेकडेनं जाणारी, पाण्यानं जोडलेली जमीन. पहिल्यांदा वापरताना 'तळ्यांचा अनूप' असं लिहावं, म्हणजे मुलाचं नाव आडवं येणार नाही. नाम 'अनूप', विशेषण 'आनूप'. 'विश्वामित्रीचा अनूप', 'ढाढर नदीचा अनूप', 'आनूप गावं', 'आनूप पक्षी'. कानाला एकही परका वाटत नाही.

नवे शब्द घडवण्याचं काम या शहराला नवं नाही. १९३१ मध्ये इथूनच 'श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरु' निघाला. कारभारातला प्रत्येक इंग्रजी शब्द घेऊन गुजराती, मराठी, संस्कृत, हिंदी, बंगाली, उर्दू, फारसी अशा भाषांत त्याला काय म्हणावं, ते शेजारी-शेजारी मांडणारा कोश. तळ्यांच्या त्या पुस्तिकेत मी 'तलावदृश्य' खोडून 'तळ्यांचा अनूप' लिहिलं, आणि समासात आवरो, ओगन, कांस हे तीन शब्द त्यांच्या मराठी जोडीदारांसह टिपून ठेवले.