महामार्गाचा मोबदला मालकाला की कुळाला? वादाची पार्श्वभूमी

कोकणातला सातबारा वाचायची सवय असलेला माणूस आधी 'इतर हक्क' बघतो. कब्जेदार म्हणून मालकाचं नाव असतं, आणि वर्षानुवर्षं भात लावणाऱ्या कुळाचं नाव इतर हक्कांत. एरवी कोणाचं काही अडत नाही. महामार्गाची मोजणी आली की मात्र दोन्हीकडचे वारस जुनी कागदपत्रं शोधायला लागतात.

वादाची मुळं खोतीत, म्हणजे गावचा सारा खोताने वसूल करून सरकारला भरायच्या जुन्या पद्धतीत आहेत. 1933 मध्ये अलिबाग तालुक्यातल्या चरीत नारायण नागू पाटलांच्या नेतृत्वाखाली कुळांनी जमिनी कसायला नकार दिला आणि हा संप सहा वर्षं चालला. 1937 मध्ये डॉ. आंबेडकरांनी मुंबई विधिमंडळात खोती रद्द करण्याचं विधेयक मांडलं. 1939 च्या कायद्याने 'संरक्षित कूळ' आलं, पाठोपाठ 1948 चा कुळकायदा. (विदर्भ आणि मराठवाड्याचे कुळकायदे वेगळे.) खरी कलाटणी 1956 च्या दुरुस्तीने मिळाली. 1 एप्रिल 1957 या कृषक दिनी जमीन कसणारं कूळ कायद्यानेच खरेदीदार मानलं गेलं, मालकाचा हक्क उरला तो किमतीपुरता. सर्वोच्च न्यायालयाने 1958 मध्ये ही दुरुस्ती वैध ठरवली.

किंमत ठरायची आकाराच्या, म्हणजे जमिनीच्या शेतसाऱ्याच्या, 20 ते 200 पट. दोन रुपये आकाराच्या तुकड्याचे फार तर 400 रुपये. झाडं, विहीर, थकलेला खंड (कुळाने मालकाला द्यायचं भाडं) वेगळा. कुळकायद्याच्या कलम '32ग'ची किंमत ठरवणारी चौकशी होऊन ही रक्कम भरली आणि '32म'चं खरेदीचं प्रमाणपत्र हातात असलं, की मोबदल्यावर मूळ मालकाला बोट ठेवता येत नाही. घोडं अडतं ते चौकशीच न झालेल्या जमिनींवर. कृषक दिनी मालक विधवा, अज्ञान (अल्पवयीन) किंवा अपंग असेल तर '32फ'प्रमाणे खरेदी पुढे ढकलली जायची, आणि पुढे खरेदी करायची असल्याचं मुदतीत कळवणं कुळाच्या गळ्यात. ते राहून गेलं असेल तर आज मालकाचे वकील नेमकं तिथेच बोट ठेवतात. 400 रुपयांसाठी कोणी कोर्टाची पायरी चढलं नसतं. त्याच तुकड्याचे लाखो रुपये होतात तेव्हा मुंबईतल्या नातवालाही गाव आठवतं.

राष्ट्रीय महामार्ग कायदाही योगायोगाने 1956 चाच, पण भूसंपादनाची आजची रीत त्यात 1997 च्या दुरुस्तीने आली. त्यातल्या 3डी कलमाची ('थ्री-डी') अधिसूचना निघाली की जमीन सर्व बोज्यांतून मुक्त होऊन केंद्र सरकारची होते. कुळाचा जमिनीवरचा हक्क संपतो, उरतो फक्त पैशावरचा. त्यासाठी सर्व हितसंबंधितांचे दावे मागवणारी जाहीर नोटीस दोन स्थानिक वर्तमानपत्रांत द्यावी लागते. ती किती कुळांच्या वाचनात येत असेल, हा प्रश्नच आहे.

2013 च्या भूसंपादन कायद्याने भाषा स्पष्ट केली. कुळवहिवाटीचा हक्क असलेले आणि वाट्याने कसणारे 'हितसंबंधित' ठरले. संपादनाच्या तीन वर्षं आधीपासून त्याच जमिनीवर पोट असलेलं कूळ 'बाधित कुटुंबा'त आलं. या कायद्यातली मोबदल्याची आणि पुनर्वसनाची परिशिष्टं 2015 पासून महामार्गांना लागू झाली. शंभर टक्के दिलासा रकमेमुळे (मोबदल्याइतकीच जादा रक्कम) आकडा फुगला, तसं भांडणही.

आणि भांडण सोडवायची वाट अशी. मोबदला किती, हे सक्षम प्राधिकारी ठरवतो आणि ते पटलं नाही तर लवादाकडे जाता येतं. पण तो कोणाला किती वाटायचा यावर वाद झाला, तर प्रकरण दिवाणी न्यायालयाकडे पाठवावं लागतं. तिथे कुळकायद्याचं कलम 85 आडवं येतं: अमुक माणूस कूळ आहे की नाही, हे दिवाणी न्यायालयाला ठरवताच येत नाही. मग '85अ'खाली तो मुद्दा तहसीलदाराकडे. तहसीलदाराच्या निर्णयावर अपील प्रांताकडे (उपविभागीय अधिकाऱ्याकडे), पुढे महसूल न्यायाधिकरणात. यात गंमत म्हणजे भूसंपादनाचे सक्षम प्राधिकारी बऱ्याचदा प्रांतच असतात. ज्या कार्यालयाने वाद नको म्हणून प्रकरण न्यायालयात धाडलं, तिथेच ते अपील होऊन परत येऊ शकतं. तोवर पैसे न्यायालयात जमा, आणि जमिनीवरून गाड्या धावायला लागलेल्या.