गरामा : वाळूखालच्या पाण्यावर वसलेली पेठ

सहारा म्हटले की उंटांचा तांडा डोळ्यांपुढे येतो. तांडे येत-जात राहिले आणि त्यांच्या मुक्कामाच्या जागी शहरे वाढली, अशी आपली सर्वसाधारण समजूत असते. लिबियाच्या नैर्ऋत्येकडील फेझ्झान प्रांतातल्या गरामा या शहराला ती लागू पडत नाही. गरामा वसले तेव्हा तिकडे उंट सर्रास दिसत नव्हता. तो रुळला इसवी सनाच्या पहिल्या काही शतकांत. त्याआधीची वाहतूक घोडे, गाढवे आणि बैल यांच्यावर चाले, आणि या जनावरांना वाटेत वरचेवर पाणी लागते. त्यामुळे गरामाची कथा पाण्यापासूनच सुरू करावी लागते.

हे शहर गारामांतेस लोकांचे. इसवी सनपूर्व 1000च्या सुमारास ते झिंकेक्रा नावाच्या डोंगरसोंडेवर राहत. पुढे ते खाली दरीत उतरले आणि गरामा ही त्यांची राजधानी झाली. भूमध्य समुद्राचा किनारा इथून सरळ रेषेत सुमारे 700 किलोमीटर. इसवी सनपूर्व पाचव्या शतकात ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने किनाऱ्यापासून त्यांच्या मुलखापर्यंतची वाट 30 दिवसांची सांगितली आहे. हे लोक मिठावर माती पसरून शेती करतात, असेही तो लिहितो. चार घोड्यांच्या रथांतून ते दक्षिणेकडच्या गुहावासी लोकांचा पाठलाग करतात, ही त्याचीच नोंद. तो पाठलाग कशासाठी होता, हे पुढचा इतिहास पाहिला की कळते.

पाऊस जवळजवळ नाहीच, अशा या दरीत शेती पिकली ती फोगारांवर, म्हणजे भूजल आणणाऱ्या जमिनीखालच्या बोगद्यांवर. डोंगराच्या पायथ्याशी भूजल लागेपर्यंत खोल विहीर खणायची, मग तिथून दरीकडे अगदी हलक्या उताराचा बोगदा काढायचा. बोगदा खणायला आणि गाळ उपसायला थोड्याथोड्या अंतरावर उभी विवरे ठेवायची. पाणी आपल्या वजनाने वाहत शेतात येते. मोट नाही, रहाट नाही. औरंगाबादची नहर-ए-अंबरी ज्यांनी पाहिली आहे, त्यांना हे तंत्र वेगळे समजावून सांगायला नको. फेझ्झानमध्ये असे सुमारे 600 फोगारा आढळले आहेत आणि त्यांतले काही चार किलोमीटरच्या आसपास लांब आहेत. त्या पाण्यावर गहू, बार्ली, खजूर, द्राक्षे, अंजीर होत. पुढे ज्वारी आणि बाजरीही आली. ही दोन्ही धान्ये मूळची आफ्रिकेची, तिथूनच ती फार पूर्वी आपल्याकडे पोहोचली.

एवढे बोगदे खणले कोणी? इथे गरामाच्या वैभवाची काळी बाजू समोर येते, आणि ती झाकून हा इतिहास सांगू नये असे मला वाटते. दक्षिणेकडून पकडून आणलेली माणसे गरामाच्या व्यापारातला मोठा माल होती. काही उत्तरेला विकली जात. फोगारा खणण्याचे आणि साफ ठेवण्याचे जीवघेणे कामही बहुधा अशाच माणसांच्या वाट्याला येत असावे. म्हणजे व्यापाराने मजूर पुरवले, मजुरांनी पाणी आणले, पाण्याने धान्य पिकवले आणि धान्यावर पुन्हा तांडे पोसले गेले.

माणसांखेरीज मीठ, हस्तिदंत आणि मौल्यवान खडेही उत्तरेकडे जात. लाल रत्ने गारामांतेसांच्या मुलखातून येतात, अशी नोंद रोमन लेखक प्लिनीने केली आहे. उलट दिशेने रोमन काच, चकचकीत लाल भांडी, आणि तेल-दारूचे उभट रांजण येत. गरामाच्या थडग्यांत या वस्तू मुबलक सापडल्या. हजार किलोमीटरची वाट तुडवत काचेचा पेला अखंड पोहोचवणारी माणसे किती निगुतीने माल बांधत असतील!

या वाटेची किनाऱ्यावरची टोके म्हणजे लेप्टिस मॅग्ना, ओइया (आजचे त्रिपोली) आणि साब्राथा. त्यांचे वैभव निव्वळ वाळवंटाने दिले असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. लेप्टिसचा खरा पैसा ऑलिव्हच्या तेलातला. रोममध्ये फुटक्या तेलरांजणांची जी टेकडी आहे, तिच्यात या प्रांतातलीही खापरे आहेत. पण दक्षिणेशी असलेले नाते किनाऱ्याने मिरवले हेही खरे. रोमच्या ओस्टिया बंदरात साब्राथाच्या व्यापाऱ्यांची पेढी होती. तिच्या दारातल्या फरशीवर त्यांनी हत्तीचे चित्र करवून घेतले होते.

रोम आणि गरामा यांचे संबंध सरळ नव्हते. कॉर्नेलियस बाल्बस या रोमन सेनापतीने गरामावर स्वारी केली आणि इसवी सनपूर्व 19 मध्ये रोममध्ये विजययात्रा काढली. तरी वाट रोमच्या ताब्यात आली नाही. गारामांतेस लुटारू वाटेवरच्या विहिरी वाळूने बुजवून टाकतात, असे प्लिनी लिहितो. वाळवंटात याहून प्रभावी शस्त्र नाही. इसवी सन 69 मध्ये ओइया आणि लेप्टिस यांचे भांडण जुंपले, तेव्हा ओइयाने मदतीला गारामांतेसांनाच बोलावले. पुढे मात्र व्यवहार जमला. लेप्टिसमध्येच जन्मलेल्या सेप्टिमियस सेव्हेरस या सम्राटाच्या काळात, इसवी सन 200च्या आसपास, वाटेवर बू न्जेमसारखे किल्ले उभे राहिले. तिथल्या शिपायांनी तिसऱ्या शतकात खापरांवर लिहिलेल्या रोजच्या नोंदी मिळाल्या आहेत : गारामांतेस आले, सोबत बार्ली आणली. मला या चार शब्दांच्या नोंदी विजययात्रेपेक्षा मोलाच्या वाटतात. पेठ रोज कशी चालते ते त्यांतून दिसते.

चौथ्या शतकानंतर ही घडी विस्कटली. उत्तरेकडची रोमन बाजारपेठ आटली. फोगारांनी शतकानुशतके उपसलेले भूजल पावसाअभावी भरून येत नव्हते. पातळी खाली गेली, बोगदे कोरडे पडू लागले. नवे खणायचे तर मजूर हवेत, आणि मजूर व्यापारातून येत. सातव्या शतकात अरब सेनापती उक्बा इब्न नाफी फेझ्झानमध्ये पोहोचला, तेव्हा गरामाचा दबदबा ओसरला होता. तांड्यांची वर्दळ फेझ्झानमधल्याच, पूर्वेच्या झविला या गावाकडे वळली. पश्चिमेला मोरोक्कोत 757 साली सिजिलमासा वसले आणि सोन्याच्या व्यापारावर मोठे झाले.

जुन्या गरामाच्या जागी मातीच्या घरांचे गाव मात्र विसाव्या शतकापर्यंत नांदत होते. आकाशातून पाहिले तर डोंगरापासून दरीकडे उतरणाऱ्या फोगारांच्या विवरांच्या रांगा आजही ओळखू येतात.