मुदतबाह्य मुद्रांक शुल्क अपील

मालमत्तेच्या दस्ताला मुद्रांक शुल्क कमी पडले, असा आदेश झाल्यावर कायद्याने दिलेले 60 दिवस उलटून गेल्यावर दाखल केलेले अपील म्हणजे मुदतबाह्य अपील. कोल्हापुरात असा आदेश सह जिल्हा निबंधक तथा मुद्रांक जिल्हाधिकारी देतात. त्यावरचे अपील महाराष्ट्र मुद्रांक अधिनियम, 1958 च्या कलम 32ब किंवा 53(1अ) खाली पुण्याला, नोंदणी महानिरीक्षक व मुद्रांक नियंत्रकांकडे जाते.

वाद बहुतेक वेळा मूल्यांकनाचा असतो. पाचगाव, कळंबा, उचगाव अशा शहराला चिकटलेल्या गावांत उसाचे रान आणि बिनशेती प्लॉट शेजारी शेजारी असतात. रेडी रेकनरचा (सरकारने ठरवलेल्या मालमत्ता-दरांच्या तक्त्याचा) कोणता दर लावला यावर शुल्काचा आकडा पार बदलतो. दस्त नोंदवला, सातबाराला नाव लागले, घर उभे राहिले आणि मग कधीतरी तपासणीत आक्षेप निघतो. नोटीस जाते दस्तावरच्या जुन्या पत्त्यावर. घेणारा तोवर भाड्याची खोली सोडून गेलेला असतो. सुनावणी त्याच्या गैरहजेरीत होते आणि त्याला पहिली खबर लागते ती थेट वसुलीच्या नोटिशीने. उशीर झालेल्या प्रत्येकाला बेफिकीर ठरवणे म्हणूनच अन्यायाचे आहे.

सगळ्यात मोलाचा मुद्दा इथेच आहे. 60 दिवस आदेशाच्या तारखेपासून मोजत नाहीत, आदेश हाती पडल्यापासून मोजतात. 1 जुलैला आदेश मिळाला तर साठावा दिवस 30 ऑगस्ट. ‘दोन महिने’ म्हणून 1 सप्टेंबरला गेलेला माणूस मुदतीबाहेर जातो. टपालाचा शिक्का असलेले पाकीट आदेशाइतकेच जपावे. आदेश मिळालाच नसेल, तर आधी कार्यालयाकडून टपालाची पोहोच आणि आदेशाची नक्कल लेखी अर्ज करून मागावी. पोहोचेवर दुसऱ्याचीच सही निघाली, तर अपील मुळात उशिराचे नव्हतेच, असे म्हणता येते.

उशीर खराच झाला असेल, तर अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज आणि शपथपत्र जोडतात. 1987 च्या कातिजी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने अशा अर्जांकडे उदार दृष्टीने पाहायला सांगितले. मात्र मुदतीचा कायदा, 1963 न्यायालयांना लागू होतो, न्यायालय नसलेल्या प्राधिकाऱ्यांना नाही, असे त्याच न्यायालयाने 2015 मध्ये एम. पी. स्टील प्रकरणात म्हटले. त्यामुळे मुद्रांक नियंत्रकांना विलंब माफ करता येतो का, यावरच समोरून हरकत येऊ शकते. अर्जात ‘आजारपणामुळे’ एवढेच लिहून भागत नाही. दवाखान्याचे कागद आणि तारखा लागतात. कोविडकाळासाठी मात्र 15 मार्च 2020 ते 28 फेब्रुवारी 2022 हा अवधी सर्वोच्च न्यायालयानेच मुदतीतून वगळला आहे.

इकडे दंड थांबत नाही. कमी पडलेल्या शुल्कावर दरमहा 2 टक्के, तेही दस्त झाल्यापासून: 1 लाख कमी पडले असतील तर महिन्याला 2,000 रुपये. नुसत्या अपिलाने वसुलीही थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते. 1 डिसेंबर 2023 पासूनच्या अभय योजनेत जुन्या दस्तांना शुल्क-दंडात सवलत मिळाली होती. तेव्हा अनेकांनी भांडण्यापेक्षा भरून मोकळे होणे पसंत केले असेल, तर ते समजण्यासारखे आहे.

पुण्यात अपील फेटाळले गेले, तर राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 व 227 खाली उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. कोल्हापूरकराला त्यासाठी पूर्वी मुंबई गाठावी लागे. 18 ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच (मुख्य ठिकाणाबाहेर बसणारे खंडपीठ) सुरू झाले असून सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे जिल्हेही त्याच्याकडे आहेत. सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत त्याचे काम चालते.